आलं

हे मनातल्या मनात वाचा.
लिहिलेल्यानं काही होत नाही, म्हणून तर लिहिते आहे,
तेही तुमच्या भाषेत,
पाहुण्यानं मागे ठेवलेल्या जाड व्याकरणातून उचललेल्या.

आमचं लेख्ताग कॉकेशसच्या एका घडीत.
दगडी बुरुज, बुरुजाला एकच दार, तेही शिडीच्या टोकाला.
इथे उच्चारलं की होतं.
दरड कोसळत आली तेव्हा बेसारियोन म्हणाला, "खडा आहे, खडा."
तो खडा अजून त्याच्या खिशात असतो
आणि खिसा गुडघ्यापर्यंत ओढलेला.
तुमच्याकडे बायका लाडानं "मेल्या" म्हणतात
हे वाचलं त्या दिवशी मी दार लावून घेतलं.

अट एकच : तोंडाला अर्थ ठाऊक हवा.
तान्ह्यानं "आग, आग" केलं तरी चूल थंड.
कावळा निर्दोष.
झोपेत बरळणारा अर्धा निर्दोष,
म्हणून सकाळी अंगणात सापडतात
एका बाजूचं खोगीर, पातं नसलेला विळा.

माझा धाकटा भाऊ गेला.
थांबा, वाक्य पुरं झालेलं नाही.
गेला हे त्याचं नाव.
आमच्याकडे त्या नावात लांडग्याचा बछडा आहे,
दुसरं काही नाही, नव्हतं.

नदीचं पाणी मोजायला तुमच्याकडचा एकजण आला, ओगले.
पट्ट्या रोवायचा, दिवसभर आकडे टिपायचा.
आकडे मोठ्यानं म्हणू दिले नाहीत आम्ही त्याला.
एका संध्याकाळी आईनं शिडीवरून भावाला हाक मारली
आणि ओगले हसला. भला माणूस.
हातातली रोटी खाली ठेवून त्यानं समजावून सांगितलं
त्यांच्याकडे याचा अर्थ काय होतो ते.
त्याला काय माहीत.
आम्ही सगळे ताटाकडे बघत राहिलो.
दरेजानमावशीनं कान झाकले, पण ऐकून झाल्यावर.

आठ दिवस भावाला टाळ्या वाजवून बोलावलं.
शीळ घातली. भांडं बडवलं.
आई "अरे" म्हणाली तर गल्लीतली सगळी पोरं वळली.
नवव्या दिवशी गवतानं भरलेली घसरगाडी सुटली,
उतारावरून थेट त्याच्या अंगावर,
तो पाठमोरा, बुटाचे बंद बांधत.
आई ओरडली.
अशा वेळी कुठली आई दुसरं काही ओरडेल?
गाडी रिकाम्या उतारावर आपटली.
त्याला खरचटलंसुद्धा नाही.
फक्त एक बूट, बंद अर्धा बांधलेला.

त्यानंतर आई बोललीच नाही.
ओगलेनं पट्ट्या उपटल्या, पुस्तक आमच्याकडे सोडलं
आणि, ते क्रियापद मी टाळते आहे.

पान त्रेपन्न. जाणे : अनियमित.
खाली, येणे : तेही अनियमित.
दोन्हींना नियम नाही, याचाच मला धीर.

सात वर्षं एकच रूप घोकते, ओठ मिटून.
मागच्या हिवाळ्यात उघडले.
शेवट तोकडा पडला असावा, थंडीनं,
की भीतीनं.
खिडकीत आलं होतं.
ओल्या मातीचं, बोटांसारख्या पेरांचं,
आमच्या डोंगरात कुणी न पाहिलेलं.
आईनं हुंगलं, चावलं,
आणि इतक्या वर्षांनी तिच्या तोंडून शब्द निघाला : "तिखट."
दूध तिखट झालं, पाणी तिखट, छपरावरचा बर्फही.
आम्ही दोघी नाक पुसत बसलो,
रडणं त्यात कुठलं होतं ते कळलं नाही.

आता माझ्या जिभेवर माझा भरवसा नाही.
तुमच्या तोंडाला मात्र अर्थ जन्मापासून ठाऊक आहे.
एवढं सगळं मनात वाचलंत,
तर एक शब्द मोठ्यानं म्हणाल?
पुल्लिंगी, एकवचनी. शेवट लांबवून.
आलं नको, ते आहे आमच्याकडे.

शिडी आम्ही रात्रीही वर ओढत नाही.